नाव ठेवणाऱ्याचं मन

संयुक्त राष्ट्रसंघाच्या सरचिटणीसांची यादी मी कधीकधी नुसती नावांसाठी वाचते. पहिले नॉर्वेचे ट्रिग्वे ली. जुन्या नॉर्स भाषेत ट्रिग्वे म्हणजे विश्वासू. मग स्वीडनचे डाग हमरशोल्ड. डाग म्हणजे दिवस. त्यांच्यानंतर ब्रह्मदेशाचे ऊ थांट. त्यातला 'ऊ' आपल्या 'श्री'सारखा मानाचा शब्द, तो काढला की उरतं ते थांट आणि तेवढंच. ना वडिलांचं नाव, ना आडनाव. कुर्ट वाल्डहाइम यांचं कुर्ट हे कोनराडचं आखूड रूप, धीटपणे सल्ला देणारा. पेरूच्या हाविएर पेरेझ द क्वेयार यांचं हाविएर, म्हणजे आपल्या ओळखीचं झेवियर, हे मुळात माणसाचं नावच नव्हे. बास्क भाषेत त्याचा अर्थ 'नवं घर'. संत फ्रान्सिस झेवियर ज्या गढीत जन्मले तिचं ते नाव, आणि संतामुळे ते जगभरच्या मुलांना मिळालं. इजिप्तच्या बुत्रोस बुत्रोस-घालींचं बुत्रोस म्हणजे ग्रीक पेत्रोस, खडक. आणि घानाचे कोफी अन्नान. कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला. ८ एप्रिल १९३८ हा दिवस शुक्रवारच होता. त्यांच्या जुळ्या बहिणीचं नाव एफुआ, म्हणजे तीही शुक्रवारचीच, आणि दोघांच्या नावात 'अट्टा' हा जुळ्यांचा शब्द.

विश्वासू, दिवस, नवं घर, खडक, शुक्रवार. एकाच खुर्चीवर बसलेल्या माणसांच्या आईबापांनी पाळण्यापाशी इतकं निरनिराळं काही म्हटलं होतं, याचं मला फार अप्रूप वाटतं. नावांच्या याद्या वाचायचा मला जुना नाद आहे. परीक्षेचे निकाल, पुस्तकांच्या अर्पणपत्रिका, जहाजांवरच्या उतारूंच्या नोंदी, काहीही चालतं. पूर्वी मी कोश घेऊन बसायची आणि प्रत्येक नावापुढे अर्थ लिहायची. हळूहळू लक्षात आलं की कोशातला अर्थ हा फक्त उंबरठा आहे. आत काय आहे ते कळायचं तर नाव कुणी ठेवलं, कशाच्या आनंदात ठेवलं, कशाच्या भीतीनं ठेवलं, हे विचारावं लागतं. मुलाला तर नाव ठेवताना कुणी अजून ओळखतही नसतं. त्या क्षणी बोलत असतो तो नाव ठेवणारा, आणि तो आपलंच मन बोलून दाखवत असतो.

हे मला पहिल्यांदा पटलं ते 'देवाने दिलेला' या नावामुळे. संस्कृतात देवदत्त. व्याकरणाच्या पंडितांना उदाहरणासाठी कुणीतरी माणूस हवा असला की ते यालाच हाक मारतात, इतकं ते सरसकट नाव होतं. ग्रीकांकडे थिओडोर. तेच दोन शब्द उलटे जोडले की डोरोथिया, म्हणजे आजची डोरोथी. हिब्रूत मॅथ्यू, नॅथॅनिएल आणि जोनाथन, तिघंही देवाची देणगी. स्लाव लोकांत बोग्दान, फारसीत खुदादाद, अरबीत अताउल्ला, तुर्कीत तान्रिवेर्दी, फ्रेंचमध्ये द्यूदोने. देव बदलला तरी वाक्य तेच राहतं. रोमशी झुंजणाऱ्या मिथ्रिडेटीस राजाचं नाव 'मिथ्राने दिलेला', आणि इसिडोर म्हणजे इसिस देवीची देणगी. इसिसची देवळं ओस पडली, तिची पूजा थांबली, पण ख्रिस्ती संतांमध्ये इसिडोर नावाचे संत झाले आणि त्यात कुणाला काही वावगं वाटलं नाही.

यातला एक मुलगा माझ्या मनातून जात नाही. संत ऑगस्टीन संत होण्याच्या कितीतरी आधी, ऐन तारुण्यात, एका स्त्रीबरोबर राहत होते. लग्न झालेलं नव्हतं. त्यांना मुलगा झाला, आणि त्याचं नाव त्यांनी ठेवलं अदेओदातुस, देवाने दिलेला. ज्या मुलाला जग चुकीचं फळ म्हणणार होतं, त्याला बापानं हे नाव दिलं. मुलगा हुशार निघाला आणि सोळा-सतरा वर्षांचा होऊन गेला. पुढे ऑगस्टीननी इतकं लिहिलं, पण मला त्यांचं सगळ्यात मोठं वाक्य हेच एका शब्दाचं नाव वाटतं.

नावांच्या या घराण्याशेजारीच दुसरं एक घराणं आहे, देवाच्या कृपेचं. हिब्रूत योहानान, म्हणजे 'यहोवाने कृपा केली'. त्याचा ग्रीकमध्ये योआनेस झाला आणि मग तो युरोपभर पांगला: जॉन, जाँ, हुआन, जोव्हानी, हान्स, यान, इव्हान, शॉन. अॅना हे नाव त्याच कृपेच्या धातूतून आलेलं. आणि आल्प्स ओलांडून रोमवर चालून गेलेला हॅनिबल? त्याच्या कार्थेजच्या भाषेत नावाचा अर्थ 'बआल देवाची कृपा'. धातू तोच, देव दुसरा. हॅनिबल आणि जॉन हे अर्थानं एकमेकांचे नामबंधू आहेत, हे कळलं त्या दिवशी मी कितीतरी वेळ खुशीत होते.

सगळ्या जगानं एकच वाक्य का म्हणावं? माणसाच्या इतिहासाचा बहुतेक काळ असा गेला की जन्मलेल्या मुलांपैकी जवळजवळ निम्मी मोठी होण्याआधीच जात. मूल हातात येणं आणि हातात राहणं या दोन वेगळ्या गोष्टी होत्या. जे आपल्या हातात नाही ते कुणीतरी दिलं असंच माणूस म्हणणार. देवदत्त काय किंवा बोग्दान काय, त्या नावात कृतज्ञता आहे आणि तिच्या पोटात धास्तीही आहे.

ती धास्ती फार वाढली की नाव उलटं फिरतं. मंगोलियात आजही नेरग्वी नावाची माणसं भेटतात, अर्थ 'नाव नाही'. एनेबिश म्हणजे 'हा नव्हे'. हुनबिश म्हणजे 'माणूस नव्हे'. मूनोखोइ म्हणजे 'वाईट कुत्रा'. आधीची मुलं गेलेली असतात. मूल न्यायला येणाऱ्या शक्तीनं दारात विचारलं तर आईबापांनी आधीच उत्तर तयार ठेवलेलं आहे: इथे कुणी नाही, हा तो नव्हे, हे तर माणूसच नाही. चीनमधल्या खेड्यांत घरगुती नाव ठेवत गोउशेंग, म्हणजे कुत्र्यानंही टाकून दिलेला. बंगालीत एककडी, तिनकडी, पाचकडी. आईनं मूल नावापुरतं दुसऱ्या बाईला देऊन टाकायचं आणि तीन कवड्या मोजून परत विकत घ्यायचं, म्हणजे ते तिचं राहिलं नाही, तिच्या नशिबाचं तर नाहीच नाही. आपल्याकडचे धोंडू, दगडू, केरू, भिकाजी याच ओळीत उभे आहेत. दगड कोण उचलून नेणार? केराला कोण हात लावणार? ऐतरेय ब्राह्मणातल्या शुनःशेपाची गोष्ट वाचताना त्याच्या दोन भावांची नावं दिसतात, शुनःपुच्छ आणि शुनोलांगूल. तिघांचीही नावं कुत्र्याच्या अंगावरून. बाप लोभी होता, त्यानं यज्ञात बळी द्यायला मधला मुलगा विकला, हे खरं. पण नावं ठेवताना त्या घरात कुठली भीती होती, असं मला दर वेळी वाटून जातं.

नायजेरियातल्या योरुबा लोकांची पद्धत याहून हळवी आहे. त्यांच्याकडे समज असा की एकच मूल पुन्हा पुन्हा जन्मतं आणि पुन्हा पुन्हा निघून जातं. म्हणून नावातच त्याची विनवणी करायची. मालोमो, पुन्हा जाऊ नकोस. दुरोजाइये, थांब, जगण्यातला आनंद घे. कोकुमो, आता हा मरायचा नाही. पोर अंगणात खेळत असताना आई हाक मारते तेव्हा ती दर वेळी हेच म्हणत असते, जाऊ नकोस. पूर्व युरोपातले ज्यू लोक आजारी मुलाला आल्टर, म्हणजे म्हातारा, असं नाव देत, की मृत्यूचा दूत तान्ह्याला शोधत आला तर त्याला इथे एक म्हातारा सापडावा. किंवा नावाला हाइम जोडत, म्हणजे जीवन. इंडोनेशियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष जन्मले तेव्हा त्यांचं नाव कुस्नो होतं. मूल सारखं आजारी पडायचं. जावातल्या समजुतीप्रमाणे नाव सोसत नसेल तर बदलावं, म्हणून वडिलांनी महाभारतातल्या कर्णावरून त्यांचं नाव ठेवलं सुकर्णो. मूल जगलं, एवढंच नाही तर त्यानं देशाचं स्वातंत्र्य जाहीर केलं.

या कुरूप नावांना मी कधीच हसू शकले नाही. दगडू म्हणणाऱ्या आईइतकं देवाशी चतुराईनं कुणी बोललं नसेल.

पण सगळी कुरूप नावं मायेपोटी ठेवलेली नसतात, आणि हा फरक पुसला जाऊ नये. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये सातारा जिल्ह्यात २८५ मुलींना समारंभानं नवी नावं देण्यात आली. तोवर त्यांचं नाव नकुसा किंवा नकोशी होतं. चीनमध्ये मुलीला झाओदी म्हणत, 'धाकट्या भावाला बोलावून आण'. लायदी म्हणजे 'भाऊ येऊ दे'. बंगालीत आन्नाकाली, 'आता आणखी नको गं काली'. दगडू हे नाव संकटाला फसवण्यासाठी, घरात तो सोन्यासारखाच. नकुसामध्ये फसवणं नाही. जे मनात आहे तेच ओठावर. ही नावं मुलीशी बोलतच नाहीत, तिच्या डोक्यावरून पलीकडे, अजून न जन्मलेल्या भावाशी बोलतात, आणि तिला ती आयुष्यभर स्वतःची म्हणून सांगावी लागतात. शाळेत हजेरी घेताना दररोज. त्या साताऱ्याच्या मुलींपैकी अनेकींनी नवी नावं स्वतः निवडली, याचा मला मनापासून आनंद आहे.

प्राचीन रोमनं तर मुलींना असं नावसुद्धा दिलं नाही. घराण्याचं नाव स्त्रीलिंगी करायचं की झालं. ज्युलियस घराण्यातली ती ज्युलिया, कॉर्नेलियस घराण्यातली कॉर्नेलिया, तुलियस घराण्यातल्या सिसेरोची लेक तुलिया. ज्युलियस सीझरला दोन बहिणी होत्या, दोघींचंही नाव ज्युलिया. थोरली आणि धाकटी असं म्हणून वेळ भागवायची. तिसरी झाली तर तेर्तिया, तिसरी. आज इतक्या गोड वाटणाऱ्या या नावांमागे मुलीला वेगळी ओळख द्यायची गरज न वाटणारं एक जग आहे.

क्रमांकावरून नाव ठेवणं मात्र दर वेळी अवहेलनाच असते असं नाही. बाली बेटावर पहिलं मूल वायान, दुसरं माडे, तिसरं न्योमान, चौथं केतुत, आणि पाचवं झालं तर पुन्हा वायान. मुलगा असो की मुलगी, नावं तीच. सुकर्णोंच्या आई बालीच्या, त्यांच्या नावात न्योमान होतं, म्हणजे त्या तिसऱ्या. केनियातले लुओ लोक जन्माची वेळ नावात धरून ठेवतात. ओतिएनो रात्री आलेला, ओकोथ पावसात आलेला. घानातल्या अकान लोकांचे वार तर आपण कोफीमध्ये पाहिलेच. सोमवारचा क्वाद्वो, बुधवारचा क्वाकू, शनिवारचा क्वामे, शनिवारची आमा. हे वार गुलामांच्या जहाजांतून अटलांटिक ओलांडून गेले. तिथे माणसांची भाषा, देव, नातलग, सगळं हिरावलं गेलं, पण वार सोबत राहिला, कारण सोमवार तिथेही येतच होता. जमैकाच्या डोंगरांत पळून गेलेल्या गुलामांच्या वस्त्या होत्या. त्यांच्यापैकी एका गटाचा सरदार कजो. त्याच्याशी लढून थकलेल्या इंग्रजांना १७३९ मध्ये त्याच्याशी तह करावा लागला. कजो म्हणजे आपला क्वाद्वो, सोमवारचा. अमेरिकेत स्वतःच्या जहाजांचे मालक झालेले पॉल कफी यांचं आडनाव म्हणजे त्यांच्या वडिलांचं कोफी हे नाव. पुढे जमैकात क्वाशी, म्हणजे रविवारचा, हे नाव मूर्ख माणसासाठी शिवीसारखं वापरलं जाऊ लागलं. माणसांना खाली ढकललं की त्यांची नावंही खाली ढकलली जातात.

मेलेल्यांच्या नावांचं काय करायचं, हा प्रश्न मला या सगळ्यात सर्वांत खोल वाटतो. इथे माणसं अगदी उलट्या दिशांना गेली आहेत.

उत्तर ध्रुवाकडच्या इनुइट लोकांत कुणी वारलं की पुढे जन्मणाऱ्या बाळाला त्याचं नाव देतात. त्यांच्या मते नावाबरोबर त्या माणसाचं काहीतरी आत येतं. बाळ मुलगा की मुलगी हे पाहायचं नाही, कारण नावांना लिंगच नाही. आणि मग नाती बदलतात. एखाद्या बाईनं आपल्या मुलाला आपल्या वारलेल्या आईचं नाव दिलं असेल तर ती त्या चिमुरड्याला 'आई' म्हणू शकते. कुणी त्याला 'बहीण' म्हणेल, कुणी 'मावशी'. मूल मोठं होतं ते या सगळ्या हाका ऐकत. आपल्या आधी कुणीतरी या घरात खूप आवडतं होतं, आणि ते प्रेम आता आपल्या वाट्याला आलं आहे, हे त्याला कुणी वेगळं समजावून सांगावं लागत नसेल. योरुबांचा बाबातुंडे म्हणजे 'वडील परत आले' आणि येतुंडे म्हणजे 'आई परत आली'. तिथेही हीच ऊब आहे.

ऑस्ट्रेलियातल्या अनेक आदिवासी समाजांत मात्र माणूस गेला की त्याचं नाव उच्चारायचं नाही, बराच काळ नाही. मध्य ऑस्ट्रेलियात त्याच नावाचा दुसरा कुणी जिवंत असेल तर त्यालाही तोवर कुमन्जायी या बदली नावानं हाक मारतात. तिथल्या दूरचित्रवाणीवर कार्यक्रमाआधी सूचना येते, यात मृतांची नावं आणि चित्रं असू शकतात. पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हे कठोर वाटलं होतं. आता वाटत नाही. जवळचं कुणी गेल्यावर त्याचं नाव कुणी सहज घेतलं की आत काय होतं, ते ज्यानं अनुभवलंय त्याला हा नियम कळतो. सगळ्या वस्तीनं मिळून एका माणसाच्या दुःखाभोवती शांतता राखायची, याहून मोठा आदर कोणता?

ज्यूंमध्ये तर एकाच धर्मात दोन्ही वाटा आहेत. पूर्व युरोपातले अश्केनाझी ज्यू जिवंत नातेवाइकाचं नाव बाळाला देत नाहीत, गेलेल्यांचंच देतात. मूळचे स्पेनकडचे सेफार्दी ज्यू आजी-आजोबा हयात असतानाच मानानं त्यांचं नाव देतात. ग्रीकांतही नातवंडांना आजी-आजोबांची नावं, त्यामुळे एका कुटुंबातल्या चुलत भावांची नावं तीच ती.

जिवंत माणसाचं नाव घेण्यावरही बंधनं असतात. आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवलं की सुनेची पंचाईत, सासऱ्यांचं नाव तोंडानं कसं घ्यायचं? म्हणून मग त्याला घरात सगळे भलत्याच नावानं हाक मारतात. नवऱ्याचं नाव घ्यायचं तर उखाण्यात. दक्षिण आफ्रिकेतल्या झुलू आणि खोसा बायकांना सासरच्या वडीलधाऱ्यांच्या नावातली अक्षरंही टाळावी लागत. रोजच्या बोलण्यातल्या शब्दात ते अक्षर आलं तर शब्दच बदलायचा, आणि त्यातून बायकांचा एक वेगळा शब्दसंग्रहच तयार झाला. चीनमध्ये या नियमानं एका कवीचं आयुष्य नासवलं. नवव्या शतकाच्या सुरुवातीला ली हं नावाचा विलक्षण तरुण कवी 'जिन्शी' ही मोठी राजपरीक्षा देणार होता. विरोधकांनी काढलं की त्याच्या वडिलांचं नाव जिन्सू, उच्चार सारखा, तेव्हा ही पदवी घेणं म्हणजे वडिलांच्या नावाचा अवमान. थोर लेखक हान यू त्याच्या बाजूनं उभा राहिला. त्यानं विचारलं, बापाचं नाव 'रन' म्हणजे दया असेल, तर मुलानं 'रन' म्हणजे माणूसही व्हायचं नाही काय? युक्तिवाद बिनतोड होता, पण ली हंला परीक्षा देता आली नाही. तिशीही न गाठता तो गेला.

आपल्या जागेवरून उठून नावं किती दूर जातात, याचीही एक गोष्ट सांगते. 'बोधिसत्त्व' हा शब्द बुद्धाच्या चरित्रकथेबरोबर मध्य आशियातून पश्चिमेकडे निघाला. वाटेत त्याचा बोदिसाफ झाला. अरबी लिपीत 'ब' आणि 'य' यांच्यात फरक फक्त नुक्त्यांचा, तो चुकला आणि युदासाफ झाला. जॉर्जियन भाषेत योदासाफ, ग्रीकमध्ये योआसाफ, लॅटिनमध्ये जोसाफात. वैभव सोडून वनात जाणाऱ्या राजपुत्राची गोष्ट तीच राहिली, फक्त तो आता ख्रिस्ती संत झाला, आणि २७ नोव्हेंबर हा त्याचा स्मरणदिन ठरला. १३५४ मध्ये बायझंटाइन सम्राट सहावा जॉन गादी सोडून मठात गेला तेव्हा त्यानं नवं नाव घेतलं योआसाफ. राज्य सोडणाऱ्यानं न कळत बुद्धाचंच नाव घ्यावं, हे मला अजूनही थक्क करतं. शहाजी आणि शरीफजी या भावांची नावं शाह शरीफ या पीरावरून ठेवली असं आपली परंपरा सांगते. जवाहरलालमधलं जवाहर अरबी आहे. ज्याच्याकडून काही चांगलं मिळालं त्याचं नाव माणसं घेत आली, भाषा कुठली हे न पाहता.

नावांवर कायदे करणारी सरकारंही आहेत. फ्रान्समध्ये १८०३ च्या कायद्यानं पंचांगातली आणि प्राचीन इतिहासातल्या प्रसिद्ध व्यक्तींचीच नावं चालत. ते बंधन खऱ्या अर्थानं सुटलं ते १९९३ मध्ये. जपानमध्ये त्याच वर्षी एका जोडप्याला मुलाचं नाव 'अकुमा', म्हणजे सैतान, ठेवायचं होतं, ते अडवलं गेलं, आणि तिथे मला अधिकाऱ्यांचंच पटतं. आइसलंडमध्ये १९९१ पासून नावांची समिती आहे. नाव तिथल्या व्याकरणात चालायला हवं, त्याला विभक्तीचे प्रत्यय लागायला हवेत. पंधरा वर्षांच्या एका मुलीची सरकारी नोंद तोवर नुसती 'मुलगी' अशी होती, कारण तिचं नाव ब्लाएर, म्हणजे मंद झुळूक, हे पुरुषी मानलेलं. २०१३ मध्ये ती न्यायालयात जिंकली. भाषा जपण्याची आइसलंडची तळमळ मला कळते, पण भाषेपायी एखादं मूल पंधरा वर्षं कागदोपत्री बिननावाचं राहावं हे काही पटत नाही.

पण सत्ता जेव्हा नावच काढून घेते, तेव्हा ते नियमाचं प्रकरण राहत नाही. मंडेलांचं जन्मनाव रोलिह्लाह्ला, शब्दशः झाडाची फांदी ओढणारा, बोलीत खोडकर, त्रास देणारा. शाळेच्या पहिल्या दिवशी बाईंनी त्यांना नेल्सन केलं. ओलाउडा इक्विआनो या गुलाम मुलाला मालकानं स्वीडनच्या राजाचं गुस्तावस वासा हे नाव लावलं. त्यानं ते नाकारलं तेव्हा मार बसला, तो खात खात शेवटी त्यानं ते स्वीकारलं. १७८९ मध्ये आत्मचरित्र छापलं तेव्हा मात्र मुखपृष्ठावर स्वतःचं नाव आधी घातलं. नाझी जर्मनीनं ऑगस्ट १९३८ मध्ये हुकूम काढला की ज्या ज्यूंचं नाव ठरवलेल्या यादीतलं नसेल त्यांनी आपल्या नावाला जोड द्यावी, पुरुषांनी इस्राएल, बायकांनी सारा. इस्राएल आणि सारा ही त्या लोकांची पूज्य नावं. तीच खूण म्हणून त्यांच्यावर उमटवली गेली. कॅनडाच्या सरकारला इनुइटांची नावं नोंदवहीत बसवता येईनात, तेव्हा १९४१ पासून माणसामाणसाला क्रमांक कोरलेल्या चकत्या दिल्या. ज्या समाजात नावाबरोबर आजी परत येते, त्या समाजाला आकडे दिले.

बल्गेरियात १९८४-८५ च्या हिवाळ्यात तुर्की वंशाच्या लाखो लोकांची नावं सक्तीनं बदलली गेली. त्यांच्यात एक बुटका, असामान्य ताकदीचा वेटलिफ्टर होता, नाइम सुलेमानोव. त्याचा नाउम शालामानोव केला. १९८६ मध्ये मेलबर्नच्या स्पर्धेला गेला असताना तो संघाला चुकवून निसटला आणि तुर्कस्तानात पोचला. तिथे त्यानं आडनावाचं तुर्की रूप घेतलं, सुलेमानोग्लू. १९८८ च्या सोल ऑलिंपिकमध्ये त्यानं सुवर्णपदक घेतलं तेव्हा फलकावर नाइम सुलेमानोग्लू लिहिलेलं होतं. राजवट कोसळल्यावर बाकीच्यांनाही आपली नावं परत मिळवता आली.

मंगोलियात विसाव्या शतकाच्या विशीत घराण्यांची नावं बंद झाली आणि दोनतीन पिढ्यांत लोक ती विसरून गेले. समाजवादी राजवट गेल्यावर सरकारनं सांगितलं, घराण्याचं नाव पुन्हा लावा. बहुतेकांना आपलं जुनं नाव ठाऊकच नव्हतं. हजारो लोकांनी चंगीझखानाच्या घराण्याचं बोर्जिगिन हे नाव घेतलं. गुर्रागचा हे १९८१ मध्ये अंतराळात गेलेले पहिले मंगोल. त्यांनी नाव घेतलं सन्सार. मंगोल भाषेत सन्सार म्हणजे अंतराळ, आणि तो शब्द बौद्ध ग्रंथांबरोबर तिकडे गेलेला आपला संस्कृत 'संसार' आहे.